जिजीच्या हातचं

माझ्या आजाराला तीन नावं होती. गल्लीतल्या बायका ‘बाहेरचं’ म्हणायच्या, पुरुष ‘डोकं फिरलं’ म्हणायचे आणि गावाकडे सासूबाई ‘अशक्तपणा’ म्हणायच्या, कारण त्यांना अजून एका मुलीचं लग्न उरकायचं होतं. सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरबेननी सांगितलेलं नाव यातलं एकही नव्हतं. त्या म्हणाल्या, हा संशयाचा आजार आहे, पोट बिघडतं तसा मेंदूही बिघडतो. मला तेव्हा ते मुळीच पटलं नाही. घरात फक्त माझेच डोळे उघडे आहेत आणि बाकी सगळे झोपेत चालताहेत, अशी माझी समजूत होती.

आता मी बरी आहे. रोज एक गोळी घेते. मध्ये एकदा आपल्या मनाने बंद केली आणि चांगली तोंडावर आपटले, तेव्हापासून तो शहाणपणा करत नाही. मागे औषधाच्या रांगेत एक बाई भेटल्या. त्यांचा मुलगा घरचं अन्न खात नाही, हॉटेलातलंच खातो आणि घरचे त्याला शपथा घालतात. ‘तुम्ही कशा बऱ्या झालात?’ त्यांनी विचारलं. मी जेमतेम तोंड उघडलं तोच माझं नाव पुकारलं गेलं. उरलेलं इथे लिहिते. लिहिताना लाज वाटते हे आधीच सांगून टाकते, म्हणजे दर ओळीला सांगायला नको.

कुजबुज

आम्ही धुळ्याकडचे. माझे यजमान आणि त्यांचे मोठे भाऊ सुरतेला सांच्यावर लागले, म्हणजे कापडाच्या यंत्रमागावर, आणि डिंडोलीत दोन खोल्या भाड्याने घेऊन दोन्ही बिऱ्हाडं एकत्र राहिली. मोठे भाऊ आणि त्यांची बायको, माझे यजमान आणि मी, आणि माझी मुलगी सोनल. जावेला मी जिजी म्हणते, सोनल तिला मोठी माय म्हणते. जिजीला मूल झालं नाही. सोनलची अंघोळ, वेणी, भरवणं यातलं निम्म्याहून जास्त तिनेच केलं. मला ते सोयीचंच होतं, कारण मी साड्यांचे धागे कापायचं काम घरी आणायचे. साडीच्या उलट्या अंगाला लोंबणारे धागे छोट्या कात्रीने कापत बसायचं, मान मोडेपर्यंत.

दोघे भाऊ एकाच सांच्यांवर होते. एक दिवसपाळीला, दुसरा रातपाळीला, मग अदलाबदल. म्हणजे आमच्या घरात दिवसाउजेडी एक माणूस कायम झोपलेला. ज्यांच्या घरी सांच्यावरचा माणूस आहे त्यांना हे सांगायला नको: अशा घरात कुणी मोठ्याने बोलत नाही. भांडं ठेवायचं ते हात लावून, पोर रडली तर उचलून बाहेर न्यायची, आणि बोलायचं ते कानाशी. ‘हळू बोल वं, तो जपेल शे,’ हे जिजीचं पालुपद. तो झोपलाय, हळू बोल.

त्या कुजबुजीत मी वर्षानुवर्षं राहिले आणि मला कधी काही वाटलं नाही. मग एका उन्हाळ्यात वाटायला लागलं की कुजबुज माझ्याबद्दलच चालली आहे.

हे एकदम झालं नाही. सुरतेत प्लेग येऊन गेला त्याच्या पुढच्या वर्षीची ही गोष्ट. शहरातली निम्मी माणसं अजून पाणी उकळून पीत होती आणि परक्याच्या हातचं खायला बिचकत होती. मी पाणी दोनदा गाळायला लागले तेव्हा यजमानांनी कौतुक केलं. पिठाच्या डब्यावर दगड ठेवायला लागले तेव्हा जिजी हसली. पिठात बोटाने रेघ ओढून डबा बंद करायला लागले तेव्हा मात्र मी कुणाला सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी रेघ मोडलेली दिसली. जिजीने पोळ्या लाटल्या होत्या, रेघ मोडणारच. पण एवढी साधी गोष्ट तेव्हा माझ्या डोक्यात शिरेना.

मग सगळं आपोआप जुळत गेलं. जिजीला मूल नाही, जिजीला सोनल हवी, आणि मी आड येते. बोलणं थांबलं तर माझ्यामुळे थांबलं, चालू राहिलं तर माझ्याविरुद्ध चाललं. माझ्या आजाराला बाहेरून काही आणावं लागलं नाही. मूल नसलेल्या बाईबद्दल आपण लहानपणापासून जे ऐकत येतो, तेवढं त्याला पुरलं. पूर्वी जिजीला कुणी टोमणा मारला की मीच पदर खोचून भांडायला उभी राहायचे. तीच मी गल्लीत दोघीतिघींना हळूच सांगून आले की जावेच्या मनात काळंबेरं आहे. त्यांनी ‘आम्हाला वाटलंच होतं’ म्हटलं. तेव्हा मला फार धीर आला होता.

सोनलला शिकवलं ते

बाकीच्या गोष्टी आजाराने करवल्या असं म्हणून मी सुटते. ही गोष्ट सांगताना तसं म्हणवत नाही.

मी कोपऱ्यात वेगळा स्टोव्ह मांडला. माझं आणि सोनलचं वेगळं शिजवायला लागले. सोनल तेव्हा पहिलीत होती. तिला मी शिकवलं की खाण्याआधी हुंगायचं. वाटी तिरपी करून तळ बघायचा. मोठी मायने काही दिलं तर नाही म्हणायचं नाही, हसून मुठीत घ्यायचं आणि बाहेर जाऊन गटारीत टाकून यायचं. पोरीला तो खेळ वाटला. हुशार पोर, पटकन शिकली.

एकदा जिजीने तिला शेंगदाण्याचा लाडू दिला. सोनल बाहेर गेली, गटारीशी वाकली आणि धावत माझ्याकडे आली. ‘मम्मी, टाकी दिधा!’ तिने लाडू टाकला म्हणून मी तिचा पापा घेतला, आणि मान वर केली तर जिजी नळावर घागर भरत उभी. घागर भरून पाणी वाहत होतं आणि ती नळ बंद करायची विसरली होती. त्यानंतर तिने सोनलच्या हातात काही दिलं नाही. ताटलीत ठेवायची आणि तिथून निघून जायची.

यजमानांची चूक

यजमानांनी आधी वाद घातला. मग सोनलच्या डोक्यावर हात ठेवून शपथा घेतल्या. मग ओरडले. शेवटी कंटाळून ‘बरं, असेल तसं’ म्हणाले. ज्यांच्या घरी असं माणूस आहे त्यांना मी कळकळीने सांगते, यातलं काही कामाचं नाही. वाद घातला की मी नवीन पुरावा शोधायचे, आणि ‘असेल तसं’ म्हटल्यावर मला वाटलं, चला, नवऱ्यालाही पटलं.

त्यांच्या खात्यातल्या, म्हणजे मागाच्या कारखान्यातल्या, एकाने कुठलासा खाजगी डॉक्टर सुचवला. यजमान एकटेच जाऊन आले. डॉक्टरने मला न बघताच गोळ्या दिल्या आणि ऐकत नसेल तर जेवणातून द्या म्हणून सांगितलं. आता जिला जेवणात विष आहे असं वाटतं तिला जेवणातूनच औषध द्यायचं! पण यजमान घाबरलेले होते, त्यांना दुसरं सुचलं नाही. गोळ्यांची पुडी त्यांनी जिजीकडे दिली. मी तर माझं वेगळं शिजवत होते, त्यामुळे पुडी तशीच पडून राहिली. सगळ्यांनी एकाच चुलीवरचं खायचं असा दिवस एकच होता, कानबाईचा.

कानबाई

श्रावणात आम्हा खानदेशी लोकांच्या घरी कानबाई बसते. नारळाला देवीचा साज चढवून चौरंगावर मांडायचं. घरातल्या एकेका पुरुषाच्या नावाने गहू मोजून दळायचे, त्या पिठाचे रोट करायचे आणि ते फक्त भाऊबंदांनी मिळून खायचे. बाहेरच्याला द्यायचे नाहीत आणि कणभरही वाया घालवायचं नाही. सुरतेत येऊन आमच्या लोकांनी बरंच काही सोडलं, पण कानबाई सोडली नाही. त्या साली ती आमच्याकडे होती. डिंडोलीतले, कडोदऱ्याचे सगळे भाऊबंद जमले होते. मी जेवत नाही म्हणाले असते तर अख्ख्या भाऊबंदकीत बोभाटा झाला असता, म्हणून मी पंगतीत बसले. सोनल माझ्या मांडीला मांडी लावून बसली.

जिजी वाढत होती. मी आमटीची वाटी उचलली आणि तिरपी केली. तळाशी पांढरा चुरा होता.

‘मम्मी, पांढरं!’ सोनल म्हणाली. तिनेही बघितलं.

मी ताट उचलून भिरकावलं. रोट, खीर, आमटी, सगळं कानबाईच्या चौरंगापुढे सांडलं. ‘विख घातलं! या वांझोटीने मला विख घातलं!’ हा शब्द मी त्याआधी आयुष्यात कधी उच्चारला नव्हता, आणि उच्चारला तो देवीपुढे, सगळ्यांच्या देखत, इतक्या मोठ्याने की रातपाळी करून आतल्या खोलीत आडवे झालेले मोठे भाऊ उठून बाहेर आले.

जिजी खाली बसली. ‘कानबाईना रोट शेतस, पायमा येवाले नको,’ असं पुटपुटत तिने जमिनीवरचं सगळं ताटात गोळा केलं, आमटीत भिजलेले रोटाचे तुकडेसुद्धा, आणि माझ्या समोर बसून ते खाल्लं. ‘देख शोभा, मी खास. देख.’ बघ, मी खातेय. डोळ्यांतून पाणी गळत होतं आणि ती घास गिळत होती.

शहाण्या माणसाला तेवढ्यावर पटलं असतं. माझ्या मनात आलं, हिने उतारा आधीच घेतलेला दिसतोय.

दुसऱ्या दिवशी सगळे वाजतगाजत कानबाई तापीवर घेऊन गेले. सोनल आणि मी घरीच होतो, आणि जिजीही गेली नाही. ती दुपारपर्यंत झोपूनच होती. हाक मारली तर जीभ जड, डोळे उघडेनात. मी सोनलला हाताला धरून तिच्यापाशी नेलं. ‘बघ. विख होतं की नाही?’ सोनल वाकून तिच्या मिटलेल्या डोळ्यांकडे बघत राहिली.

दवाखान्यातला पहिला दिवस

भाऊबंदकीने निकाल दिला की कानबाई कोपली. म्हणजे मी आधी बिघडले आणि मग रोट फेकले, हे उलटं करून आधी रोट फेकले म्हणून बिघडले असं ठरलं. एका भगताकडे नेलं. त्याने लिंबू उतरवून दिलं आणि दोष घरातल्याच बाईचा आहे असंही सांगितलं. कुठली बाई ते त्याने सांगितलं नाही, सांगायची गरजही नव्हती. त्या दिवशी जिजी जेवली नाही. संध्याकाळी मोठे भाऊ यजमानांना म्हणाले, ‘आते दवाखाना.’

सरकारी दवाखान्यात बाकावर बसले तेव्हा मी पदर पार नाकापर्यंत ओढला होता. पाटी गुजरातीत होती, पण मला गुजराती वाचता येतं. मानसिक रोग. माझ्या लक्षात आलं की मला वेडी ठरवून कागद करून घ्यायचा आणि सोनल जिजीच्या ओटीत टाकायची, असा बेत आहे. पळून जायच्या विचारात होते तेवढ्यात नाव पुकारलं.

डॉक्टरबेन वयाने माझ्याएवढ्याच असतील. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, ‘बेन, तमने केटली खातरी छे?’ तुम्हाला किती खात्री आहे? तोवर सगळ्यांनी मला खोटं पाडायचाच प्रयत्न केला होता. खात्री किती आहे, हे कुणी विचारलं नव्हतं. मी म्हणाले, सोळा आणे. त्या म्हणाल्या, ‘मग तुम्हाला किती भीती वाटत असेल!’ मी हमसून हमसून रडायला लागले. घरच्यांना मी हे नेहमी सांगते. खरं की खोटं हे सोडा, भीती वाटते का ते विचारा. भीती खरीच असते.

तेवढ्यात यजमानांनी मान खाली घालून आमटीत गोळी चुरून घातल्याचं सांगितलं. डॉक्टरबेननी पेन खाली ठेवलं. ‘अरे भाई, आपने तो उसका शक सच कर दिया! दवा छुपाके कभी नहीं देने का.’

मला आनंद झाला, खोटं कशाला बोलू? माझंच खरं निघालं होतं! मी तसं बोलूनही दाखवलं. डॉक्टरबेन म्हणाल्या, ‘हो, चुरा होता. तुमच्या डोळ्यांनी खरं बघितलं. पण ते विष आहे, हे तुम्हाला कुणी सांगितलं?’ मला त्यांचा भयंकर राग आला. त्याच दिवशी मला दाखल करून घेतलं.

मग जिजीने ते सगळं का खाल्लं? त्यात गोळी आहे हे तर तिला माहीतच होतं. हा प्रश्न मला बऱ्याच दिवसांनी पडला, डोकं ताळ्यावर आल्यावर.

सालीतलं खाणं

बायकांच्या वॉर्डात सोबतीला घरची बाई लागते. सासूबाई गावी, माहेरी आई अंथरुणाला खिळलेली. उरली जिजी. ती पिशवी घेऊन दारात दिसली आणि मी वॉर्ड डोक्यावर घेतला. सिस्टरने तिला व्हरांड्यात बसवलं. नंतर ती तिथेच राहिली, खांबाला टेकून, माझी खाट दिसेल अशी.

पहिल्या दिवशी मी पाणीसुद्धा प्यायले नाही. दुसऱ्या दिवशी जिजी आली, खाटेजवळच्या कपाटावर काहीतरी ठेवलं आणि मागे न बघता गेली. केळी होती, न सोललेली. भाजलेल्या शेंगा, टरफलासकट. एक मोसंबं. ज्यात कुणाला काही मिसळता येत नाही असंच सगळं तिने शोधून आणलं होतं. डॉक्टरने सांगितलं नव्हतं, तिचं तिलाच सुचलं होतं. मी केळ्याला सुईचं भोक आहे का ते फिरवून फिरवून बघितलं आणि मग खाल्लं. तशी मी आणखी कित्येक केळी खाल्ली.

वॉर्डातले दिवस एकसारखे. पहाटे फिनेलचा वास, मग चहाची किटली, मग गोळ्या. गोळी गिळली की सिस्टर तोंड उघडायला लावायची, जिभेखाली बघायची. एरवी सगळ्यांच्या वाट्यांचे तळ बघणारी मी, माझंच तोंड तपासून घेत होते. गोळ्यांनी जीभ जड झाली, लाळ गळायला लागली, हात थरथरायला लागले. पाय तर एका जागी ठरेनात, येरझारा घालून घालून मी दमायचे. मग त्यावर आणखी एक गोळी. हे दिवस वाईट असतात. पण तक्रार डॉक्टरकडे करावी, गोळी खिडकीतून फेकून सुटका होत नाही.

लोकांना वाटतं की एक दिवस डोळे उघडले आणि भ्रम फिटला. तसं काही झालं नाही. तो नुसता ढिला पडत गेला. जिजीचा विचार मनात यायचा, पण पहिल्यासारखा चिकटून बसायचा नाही. एका सकाळी मी आयाने दिलेला चहा पिऊन टाकला आणि कप खाली ठेवल्यावर लक्षात आलं की आपण तळ बघितलाच नाही.

त्या दिवसापासून भीती गेली आणि लाज आली. पांघरूण डोक्यावरून घेऊन पडून राहायचे. व्हरांड्याकडे बघवेना. राउंडला आलेल्या डॉक्टरबेननी पांघरूण बाजूला केलं. ‘शरम आवे छे? तो सारुं थाय छे.’ लाज वाटतेय म्हणजे बरं होतंय. मला वाटलं, असं बरं होण्यापेक्षा आधी होते तशीच बरी होते. तेव्हा निदान चूक माझी नव्हती.

घरी सोडलं तेव्हा माझी पिशवी जिजीने उचलली. माफी मागायची म्हणून मी शब्द जुळवून ठेवले होते. बसमध्ये चढलो तर ती शेजारची जागा दाखवत म्हणाली, ‘आठे जागा शे, बस,’ आणि मी बसले. शब्द राहूनच गेले.

बारशाचं आमंत्रण

गल्लीत मी वेडी म्हणून परत येणार, लोक तोंडं फिरवणार, याची मनाची तयारी करून आले होते. झालं भलतंच. शेजारी बारसं होतं. ती बाई दारात आली, मला कुंकू लावलं, ‘नक्की ये हं शोभाताई’ म्हणाली. जिजी तिथेच तांदूळ निवडत बसली होती. तिच्याकडे तिने बघितलंसुद्धा नाही. ती गेल्यावर जिजी खाली मान घालून खडे काढत राहिली.

माझा भ्रम गोळ्यांनी उतरला. मी जो गल्लीत वाटून आले होते तो उतरवायला गोळी नव्हती. मला तेव्हाच दारात उभं राहून त्या बाईला सांगता आलं असतं. मी सांगितलं नाही. बारशाला गेले नाही, एवढाच काय तो माझा पराक्रम.

पण सगळ्यात वाईट वाटायचं ते सोनलकडे बघून. मी दवाखान्यात असताना तिने वडिलांच्या हातचा भात आणि पुड्यातली बिस्किटं एवढ्यावर दिवस काढले होते. गळ्याची हाडं दिसायला लागली होती. जिजीने ठेवलेल्या ताटलीला ती हात लावायची नाही. मी रांधलं तर वाटी तिरपी करायची, हुंगायची, आणि मग खायची. माझ्यासुद्धा हातचं.

सगळे तिला एकच सांगत होते. ‘काहीच नही व्हतं त्यामा,’ यजमान म्हणायचे. काहीच नव्हतं त्यात. पोर ऐकून घ्यायची आणि पुन्हा वाटीत बघायची. लहान आहे, विसरेल, विषय काढू नका, असं सगळ्यांचं मत पडलं. मीही त्याच मताची होते, कारण विषय काढायचा म्हणजे मला बोलावं लागणार होतं. शाळेतल्या बाईंनी निरोप पाठवला की मुलगी डबा न खाता परत नेते. तपासणीला गेले तेव्हा मी डॉक्टरबेनना विचारलं. त्या म्हणाल्या, तिला खरं सांगा, कळेल तेवढं.

सोनलचा प्रश्न

यजमान दिवसपाळीला गेले होते. मोठे भाऊ त्या दिवशी गावी होते, त्यामुळे घरात कुणी झोपलेलं नव्हतं आणि नेहमीच्या आवाजात बोलता येत होतं. जिजी आत भाकऱ्या करत होती. मी सोनलला ओट्यावर घेऊन बसले.

सांगितलं, की माझं डोकं आजारी होतं. आजारात माणसाला नसलेलं खरं वाटतं. मोठी मायबद्दल मी तुला जे सांगितलं ते सगळं खोटं होतं. ती चांगली आहे. तिच्या हातचं खा.

सोनलने सगळं ऐकलं. मग म्हणाली, ‘मंग आते तू खरं बोलस, हाई कशावरतीन?’

आता तू खरं बोलतेस हे कशावरून. तेव्हाही मी इतक्याच खात्रीने सांगितलं होतं. तेव्हाही तिला असंच मांडीशी ओढून घेतलं होतं. माझ्या चेहऱ्यावरून, माझ्या आवाजावरून त्या पोरीने फरक कसा ओळखायचा? मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

‘माझ्यावर नको ठेवू विश्वास,’ मी शेवटी म्हणाले. ‘तुला ज्याला विचारावंसं वाटतं त्याला विचार.’

ती उठली आणि सरळ आत गेली. मी मागोमाग जाऊन दारात उभी राहिले.

‘मोठी माय,’ ती म्हणाली, ‘तू मम्मीना वाटीमा काय टाकं व्हतं?’

जिजीचा भाकरी थापणारा हात थांबला. तिने माझ्याकडे बघितलं. मला वाटलं आता तीही म्हणेल, काहीच नव्हतं.

‘गोयी टाकी व्हती,’ जिजी म्हणाली. ‘दवाईनी गोयी. वाटीसन टाकी.’ औषधाची गोळी, वाटून टाकलेली.

‘विख नही?’

‘नही वं माय. विख नही. पन चोरीसन टाकी, तिले सांगं नही. कानबाईना दिने, तिना रोटनी पंगतमा. ती मनी चूक व्हयनी.’ माझी चूक झाली ती. पीठ लागलेल्या मनगटाने तिने डोळे पुसले. ‘मंग मीच ते खाई टाकं, तुनं ध्यानमा शे ना? म्हनीसन मी जपेल व्हती दुपारपावत. गोयीनी झोप व्हती ती.’

सोनलने विचार केला. तो पांढरा चुरा तिने स्वतः बघितला होता आणि घरातली सगळी मोठी माणसं तो नव्हताच असं सांगत होती. चुरा होता हे कबूल करणारी जिजी पहिली.

‘माले कोनी सांगं नही,’ सोनल म्हणाली.

‘माले बी कोनी इचारं नही,’ जिजी म्हणाली. ‘इतला दिन झायात. कोनीच इचारं नही.’

हे खरंच होतं. तिच्यावर मी आरोप केला, यजमानांनी तिची बाजू घेतली, भगताने निकाल दिला, गल्लीने वाळीत टाकलं. तू हे केलंस का, असं समोर बसून तिला कुणी विचारलं नव्हतं. मी तर नाहीच.

‘माले भूक लागनी,’ सोनल म्हणाली आणि पाट ओढून बसली.

जिजीने तव्यावरची भाकरी तिच्या ताटात टाकली, बाजूला वांग्याची भाजी वाढली. सोनलचं नाक आपोआप ताटाकडे गेलं आणि मध्येच थांबलं. तिने वर बघितलं.

‘हुंग, हुंग,’ जिजी म्हणाली. ‘तुले जितलं हुंगनं व्हई तितलं हुंगी ले. मंग खाय.’

सोनलने भाकरी हुंगली, भाजी हुंगली, आणि खायला लागली. दुसरी भाकरीही हुंगली. तिसरीला विसरली.

मी मांडणीवरून ताट काढलं आणि जिजीसमोर जाऊन बसले. माफीचे शब्द पुन्हा जुळवत होते. तिने भाकरी वाढली, माझ्याकडे एकदा नीट बघितलं आणि म्हणाली, ‘तू बी हुंगी ले वं, शोभे.’

सोनल खुदकन हसली. जिजी हसली नाही. मी ते शब्द गिळले, मान खाली घातली आणि भाकरीचा तुकडा मोडून न हुंगता तोंडात घातला. कान लाजेने तापले होते. जिजीच्या हातची ती भाकरी मी तिथे बसून सगळी संपवली.